छेदातील शून्याचा पहारा : परिमेय फलनाचा प्रांत कसा शोधावा?

प्रतिनिधी

सप्टेंबर १९९७. अमेरिकी नौदलाची 'यॉर्कटाउन' ही क्षेपणास्त्रवाहू युद्धनौका व्हर्जिनिया राज्याच्या किनाऱ्याजवळ सरावात असताना भर समुद्रात अचानक बंद पडली. ना शत्रूचा हल्ला झाला होता, ना वादळ उठले होते. नौकेवरील एका कर्मचाऱ्याने संगणकातील एका रकान्यात शून्य हा आकडा भरला होता. पुढील आकडेमोडीत या शून्याने भागण्याची वेळ आली, संगणकांचे जाळे कोलमडले आणि त्यापाठोपाठ नौका चालविणारी यंत्रणाही थांबली. सुमारे पावणेतीन तास ही अवाढव्य नौका पाण्यावर निश्चल होती.

या प्रसंगात सूत्र चुकलेले नव्हते. 'या सूत्रात कोणत्या संख्या घालता येतात आणि कोणत्या नाहीत?' हा प्रश्न मात्र वेळीच विचारला गेला नव्हता. गणितात या प्रश्नाच्या उत्तराला 'प्रांत' असे नाव आहे. इंग्रजीतून शिकणारे विद्यार्थी त्यालाच 'डोमेन' म्हणतात. दहावीपर्यंत मराठीतून गणित शिकलेला विद्यार्थी अकरावीच्या विज्ञान शाखेत पाऊल टाकतो, तेव्हा फंक्शन, डोमेन, रेंज असे शब्द त्याच्यावर एकदम कोसळतात. शब्द नवे असले तरी त्यामागील कल्पना त्याला प्राथमिक शाळेपासून ठाऊक असते. शून्याने भागायचे नाही, एवढीच ती कल्पना. अवघड आहे तो तिचा नेमका वापर. आणि बहुतेक चुका होतात त्या एकाच ठिकाणी. त्या ठिकाणाची ओळख करून देणे हा या लेखाचा हेतू आहे.

फलन आणि त्याचा प्रांत

फलन म्हणजे एका संख्येवरून दुसरी संख्या मिळविण्याचा निश्चित नियम. पिठाच्या गिरणीशी त्याची तुलना करता येईल. गिरणीत गहू घातला तर गव्हाचे पीठ येते, ज्वारी घातली तर ज्वारीचे. एका धान्याचे एकच पीठ मिळते. आज गव्हाचे आणि उद्या बाजरीचे असे होत नाही. मात्र गिरणीत खडे घालून चालत नाही. जे जे गिरणीत घालता येते, त्या सर्वांचा संच म्हणजे त्या गिरणीचा प्रांत. फलनाच्या बाबतीत, ज्या ज्या वास्तव संख्या नियमात घातल्या असता निश्चित उत्तर मिळते, त्या सर्व संख्यांचा संच म्हणजे फलनाचा प्रांत होय.

३क्ष + ७ किंवा क्ष² − ५क्ष + ६ यांसारख्या राशींना बहुपदी म्हणतात. त्यांत केवळ बेरीज, वजाबाकी आणि गुणाकार असल्याने क्षच्या जागी कोणतीही वास्तव संख्या चालते. बहुपदीची गिरणी कशालाच नाही म्हणत नाही.

एका बहुपदीला दुसऱ्या बहुपदीने भागले की परिमेय फलन तयार होते. दोन पूर्णांकांच्या भागाकारातून जशी परिमेय संख्या मिळते, तसाच हा प्रकार आहे. मात्र येथे भागाकार आला आणि भागाकाराबरोबर अट आली. छेद शून्य होता कामा नये.

शून्याने भाग का जात नाही?

'शून्याने भागू नये' हा नियम पाठ असतो. त्याचे कारण मात्र अनेकांना सांगता येत नाही. भागाकार ही गुणाकाराची उलट क्रिया आहे. १२ भागिले ४ बरोबर ३, कारण ३ गुणिले ४ बरोबर १२. आता १२ भागिले शून्य यांचे उत्तर शोधायचे, तर शून्याने गुणल्यावर १२ येतील अशी संख्या हवी. कोणत्याही संख्येला शून्याने गुणले तर शून्यच येते. त्यामुळे अशी संख्या अस्तित्वातच नाही.

शून्य भागिले शून्य या बाबतीत अडचण वेगळी आहे. शून्याने गुणल्यावर शून्य येईल अशी संख्या हवी, तर १ चालते, ७ चालते, वजा ४० देखील चालते. उत्तर नाही असे नव्हे. उत्तरे इतकी आहेत की त्यांतील कोणतेही एक निवडण्यास आधार नाही. फलनाला तर एकच निश्चित उत्तर द्यावयाचे असते.

म्हणजे पहिल्या प्रकारात उत्तर सापडत नाही आणि दुसऱ्या प्रकारात ते ठरत नाही. प्रांताच्या दृष्टीने दोहोंचा निकाल एकच, अशी संख्या वर्ज्य. तथापि या दोन कारणांतील फरक ध्यानात ठेवावा. पुढे तो उपयोगी पडणार आहे.

तीन पायऱ्यांची रीत

परिमेय फलनाचा प्रांत शोधण्याची रीत तीन पायऱ्यांत सांगता येते. पहिली पायरी, दिलेल्या मूळ राशीचा छेद जसा आहे तसा वेगळा लिहावा. दुसरी, तो छेद शून्याबरोबर मांडून समीकरण सोडवावे. तिसरी, जी मुळे येतील ती सर्व वास्तव संख्यांच्या संचातून वगळावीत. उरतो तो प्रांत.

प्रारंभी साधे उदाहरण घेऊ. फ(क्ष) = (क्ष + ५)/(क्ष − २). येथे छेद क्ष − २ आहे. क्ष − २ = ० मांडले की क्ष = २ मिळते. म्हणून प्रांत म्हणजे २ सोडून सर्व वास्तव संख्या. अंतरालाच्या भाषेत हाच प्रांत (−∞, २) ∪ (२, ∞) असा लिहितात. गोल कंसाचा अर्थ, टोकाची संख्या त्यात धरलेली नाही.

छेद वर्गबहुपदी असेल तर अवयव पाडावे लागतात. फ(क्ष) = (क्ष + १)/(क्ष² − ५क्ष + ६) या फलनात छेदाचे अवयव (क्ष − २)(क्ष − ३) असे पडतात. दोन संख्यांचा गुणाकार शून्य असेल तर त्यांपैकी निदान एक शून्य असते; म्हणून क्ष = २ किंवा क्ष = ३. या दोन्ही संख्या वगळल्या की प्रांताचे तीन तुकडे पडतात : (−∞, २) ∪ (२, ३) ∪ (३, ∞).

याच उदाहरणात क्ष = −१ घातले तर अंश शून्य होतो. ते पाहून काही विद्यार्थी −१ देखील वगळतात. ही चूक आहे. क्ष = −१ असताना छेदाची किंमत १ + ५ + ६ म्हणजे १२ येते आणि ० भागिले १२ बरोबर शून्य हे अगदी निर्दोष उत्तर आहे. अंश शून्य झाला तर फलनाची किंमत शून्य होते. छेद शून्य झाला तर फलनाला किंमतच उरत नाही. वाटण्यासाठी लाडू नसणे आणि वाटून घेण्यासाठी माणसे नसणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

अवयव सहज पडत नसतील तर वर्गसमीकरणाचे सूत्र आहेच. क्ष² − २क्ष − १ या छेदाची मुळे १ + √२ आणि १ − √२ अशी येतात; ती अपरिमेय असली तरी वास्तव आहेत, म्हणून ती वगळावी लागतात. घन बहुपदीच्या बाबतीत आणखी एक खबरदारी घ्यावी. क्ष³ − क्ष = ० या समीकरणाला दोन्ही बाजूंनी क्षने भागून क्ष² − १ = ० असे लिहिण्याचा मोह होतो. तसे केले की १ आणि −१ हाती लागतात, पण शून्य हे तिसरे मूळ निसटते. क्ष(क्ष − १)(क्ष + १) असे अवयव पाडले तर तिन्ही मुळे समोर राहतात.

छेद कधीच शून्य होत नसेल तर?

भागाकार दिसला म्हणजे काहीतरी वगळलेच पाहिजे, असा समज करून घेऊ नये. १/(क्ष² + ४) या फलनात क्ष² + ४ = ० होण्यासाठी क्ष² ची किंमत −४ यावी लागेल आणि कोणत्याही वास्तव संख्येचा वर्ग ऋण नसतो. येथे छेद सदैव ४ किंवा त्याहून मोठा राहतो. म्हणून या फलनाचा प्रांत म्हणजे सर्व वास्तव संख्या.

वर्गबहुपदीबाबत याचा निर्णय विवेचकावरून करता येतो. अक्ष² + बक्ष + क या बहुपदीचा विवेचक ब² − ४अक. तो ऋण असेल तर छेदाला वास्तव मूळ नाही आणि काहीही वगळावे लागत नाही. शून्य असेल तर एक संख्या वगळावी लागते आणि धन असेल तर दोन. क्ष² + क्ष + १ चा विवेचक १ − ४ म्हणजे −३ आहे. अशा छेदाची चिंता करण्याचे कारण नाही.

'कॅन्सल' करण्याचा सापळा

आता त्या ठिकाणाकडे वळू, जेथे हुशार विद्यार्थीही फसतात. पुढील फलन पाहा : फ(क्ष) = (क्ष² − ९)/(क्ष − ३). अंशाचे अवयव (क्ष − ३)(क्ष + ३) असे आहेत. अंशात आणि छेदात क्ष − ३ समान आहे. विद्यार्थी ज्याला सर्रास 'कॅन्सल करणे' म्हणतात, तसे केले की क्ष + ३ उरते. ही साधी बहुपदी आहे, तिचा प्रांत सर्व वास्तव संख्या. मग मूळ फलनाचा प्रांतही तोच, असे उत्तर लिहिले जाते आणि गुण जातात.

उत्तर चूक का? समान अवयव काढून टाकणे म्हणजे अंश आणि छेद या दोहोंना त्या अवयवाने भागणे. तो अवयव शून्य नसेल तेव्हाच हा भागाकार करता येतो. क्ष ची किंमत ३ असेल तर क्ष − ३ शून्य होतो आणि आपण शून्यानेच भागत असतो. म्हणजे 'कॅन्सल' करतानाच आपण 'क्ष ३ नाही' असे मान्य केलेले असते. फक्त ते लिहिलेले नसते. अटीचे चिन्ह कागदावरून पुसले गेले म्हणून अट नाहीशी होत नाही.

अचूक विधान असे : (क्ष² − ९)/(क्ष − ३) = क्ष + ३, जेथे क्ष ≠ ३. म्हणून या फलनाचा प्रांत ३ सोडून सर्व वास्तव संख्या. तीन पायऱ्यांच्या रीतीत 'मूळ राशीचा छेद जसा आहे तसा' हे शब्द वापरले ते याचसाठी. प्रांत आधी ठरवावा, संक्षिप्त रूप नंतर द्यावे. हा क्रम पाळला तर या प्रकरणातील बहुतेक चुका टळतात.

खिंडार आणि छिद्र

वर्ज्य संख्येजवळ फलन कसे वागते हे पाहिले, तर मघाच्या दोन कारणांतील फरक डोळ्यांना दिसतो. १/(क्ष − २) या फलनात क्षच्या जागी २.१ घातले तर उत्तर १०, २.०१ घातले तर १००, २.००१ घातले तर १०००. डाव्या बाजूने १.९ घातले तर −१०, १.९९ घातले तर −१००. आलेख एका बाजूने वर आभाळाला भिडतो, तर दुसऱ्या बाजूने खाली पाताळात जातो; मध्ये क्ष = २ ही उभी रेषा तो कधीच ओलांडत नाही. या रेषेला अनंतस्पर्शी रेषा म्हणतात. येथे शून्येतर संख्येला शून्याने भागण्याची वेळ आली होती.

याउलट (क्ष² − ९)/(क्ष − ३) मध्ये २.९ घातले तर उत्तर ५.९, २.९९ घातले तर ५.९९ आणि ३.०१ घातले तर ६.०१. येथे कोणताही स्फोट नाही. आलेख म्हणजे एक सरळ रेषा आहे; तिच्यात क्ष = ३ येथे केवळ एका बिंदूएवढे छिद्र आहे. येथे शून्याला शून्याने भागण्याची वेळ आली होती. छिद्र डोळ्यांना दिसत नाही, संगणकाने काढलेल्या आलेखातही ते बहुधा झाकले जाते; पण ते असते.

'लीलावती'तील चौदा

या छिद्राशी भारतीय गणितज्ञांची झुंज फार जुनी आहे. इ. स. ६२८ मध्ये ब्रह्मगुप्ताने 'ब्राह्मस्फुटसिद्धांत' या ग्रंथात शून्याशी करावयाच्या क्रियांचे नियम दिले. बेरीज, वजाबाकी आणि गुणाकाराचे त्याचे नियम आजही तसेच शिकविले जातात. मात्र शून्य भागिले शून्य बरोबर शून्य, असे त्याने म्हटले. हे उत्तर आजचे गणित स्वीकारत नाही.

त्यानंतर पाच शतकांनी भास्कराचार्यांनी हा प्रश्न पुन्हा हाती घेतला. शके १०३६ म्हणजे इ. स. १११४ मध्ये जन्मलेल्या भास्कराचार्यांनी वयाच्या ३६ व्या वर्षी 'सिद्धांतशिरोमणी' रचला. 'लीलावती' हा त्याचाच एक भाग. जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळील पाटण येथील शिलालेखात त्यांचा नातू चांगदेव याने त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापन केल्याची नोंद आहे. ज्या राशीचा छेद शून्य आहे तिला भास्कराचार्यांनी 'खहर' म्हटले. 'ख' म्हणजे शून्य आणि 'हर' म्हणजे छेद. अशा राशीत कितीही मिळवले वा वजा केले तरी ती बदलत नाही, असे सांगून त्यांनी तिची तुलना अनंत अच्युताशी केली.

'लीलावती'तील एक उदाहरण तर आपल्या विषयाच्या थेट मर्मावर बोट ठेवते. एका संख्येला शून्याने गुणले, आलेल्या राशीत तिचेच अर्ध मिळवले, बेरजेला तीनने गुणले आणि अखेर शून्याने भागले असता ६३ येतात. तर ती संख्या कोणती? भास्कराचार्यांचे उत्तर आहे १४. पुढे आणखी क्रिया करावयाच्या असतील तर शून्याने गुणून लगेच सारे शून्य करून टाकू नये, शून्य हे खुणेसारखे तसेच वागवावे. पुढे शून्यानेच भागण्याची वेळ आली तर राशी पूर्ववत राहते, असा त्यांचा नियम होता. त्यानुसार क्षची दीडपट, तिची तिप्पट म्हणजे ९क्ष/२ बरोबर ६३ आणि क्ष बरोबर १४.

आजच्या भाषेत बोलायचे तर त्यांनी अंशातील आणि छेदातील शून्य 'कॅन्सल' केले. आजच्या परीक्षेत असे करण्यास मुभा नाही. पण शून्याच्या जागी ह ही अत्यंत लहान, परंतु शून्य नसलेली संख्या घेतली तर उत्तर प्रत्येक वेळी १४ च येते. भास्कराचार्यांना छिद्राच्या जागी कोणती किंमत बसायला हवी हे अचूक दिसले होते. ती किंमत तेथे आहे असे म्हणता येत नाही, एवढेच पुढच्या गणिताने स्पष्ट केले.

हे स्पष्ट होण्यास बराच काळ जावा लागला. न्यूटन आणि लायब्निट्स यांच्या कलनशास्त्राचा पायाच अशा छिद्रावर उभा होता. उंचावरून सोडलेला दगड ट सेकंदांत सुमारे ५ट² मीटर खाली येतो असे धरू. बरोबर दुसऱ्या सेकंदाला त्याचा वेग किती? त्यापुढील ह सेकंदांत कापलेले अंतर २०ह + ५ह² मीटर. त्याला ह ने भागले की सरासरी वेग २० + ५ह. आता ह शून्य धरला की वेग सेकंदाला २० मीटर. पण ह ने भागताना तो शून्य नाही असे म्हणायचे आणि भागून झाल्यावर तो शून्य आहे असे म्हणायचे, हे कसे? बिशप जॉर्ज बर्कली यांनी १७३४ मध्ये 'द अ‍ॅनालिस्ट' या पुस्तिकेत नेमका हाच आक्षेप घेतला होता. एकोणिसाव्या शतकात कोशी आणि वायरस्ट्रास यांनी 'सीमा' ही संकल्पना काटेकोर केली, तेव्हा या आक्षेपाला समाधानकारक उत्तर मिळाले. ह शून्य होत नाही. तो शून्याच्या हवा तितका जवळ जातो. छिद्र बुजविले जात नाही, त्याच्या काठावर उभे राहून आत डोकावले जाते.

छेदातील छेद

मूळ राशीकडे पाहण्याची सवय आणखी एका ठिकाणी कामी येते. १/(१ + १/क्ष) हे फलन घ्या. सोपे रूप दिले तर ते क्ष/(क्ष + १) असे होते आणि त्यावरून केवळ −१ वगळावे असे वाटते. मूळ राशीत मात्र आत आणखी एक भागाकार दडलेला आहे, १/क्ष. तेथे क्ष शून्य चालत नाही. म्हणून ० आणि −१ या दोन्ही संख्या वगळाव्या लागतात.

एका अपूर्णांकाला दुसऱ्या अपूर्णांकाने भागायचे असेल तर तीन जागा तपासाव्यात. क्ष/(क्ष − १) ला (क्ष − २)/(क्ष + ३) ने भागताना पहिला छेद १ ला शून्य होतो, दुसरा −३ ला. शिवाय ज्याने भागायचे ती पूर्ण राशीच २ ला शून्य होते. म्हणून १, −३ आणि २ या तिन्ही संख्या वर्ज्य.

समीकरणे सोडविताना हीच दक्षता नसेल तर फसवी मुळे हाती लागतात. क्ष/(क्ष − ३) = ३/(क्ष − ३) या समीकरणाला दोन्ही बाजूंनी क्ष − ३ ने गुणले की क्ष = ३ असे झटपट उत्तर येते. पण ३ हा तर प्रांताबाहेरचा. म्हणजे या समीकरणाला उकलच नाही. उत्तर मूळ समीकरणात घालून पडताळा घेण्याचा आग्रह शिक्षक धरतात, तो यासाठी.

सूत्र व्यवहारात उतरते तेव्हा

आतापर्यंतचा विचार केवळ बीजगणिताचा झाला. सूत्र प्रत्यक्षातील एखाद्या गोष्टीविषयी बोलू लागले की प्रांत आणखी आक्रसतो. शालेय पुस्तकांतील नावेचे उदाहरण आठवा. प्रवाहाचा वेग ताशी ४ किलोमीटर आणि संथ पाण्यात नावेचा वेग ताशी क्ष किलोमीटर असेल, तर प्रवाहाविरुद्ध २४ किलोमीटर जाण्यास २४/(क्ष − ४) तास लागतात. बीजगणित म्हणते, फक्त ४ वगळा. नावाडी मात्र म्हणेल की वेग चारपेक्षा अधिकच हवा. नाहीतर नाव पुढे जाण्याऐवजी मागे जाईल. म्हणून येथे प्रांत क्ष > ४. जाऊन येण्यास एकूण ८ तास लागले असतील तर क्ष² − ६क्ष − १६ = ० हे समीकरण मिळते आणि त्याची मुळे ८ व −२ येतात. −२ का सोडायचे, याचे उत्तर प्रांतात आहे.

बहिर्गोल भिंगाचे सूत्रही परिमेय फलनच आहे. भिंगाचे नाभीय अंतर १० सेंटिमीटर आणि वस्तू क्ष सेंटिमीटरवर असेल, तर प्रतिमा भिंगापलीकडे १०क्ष/(क्ष − १०) सेंटिमीटरवर पडते. वस्तू १५ वर ठेवली तर प्रतिमा ३० वर, ११ वर ठेवली तर ११० वर, १०.१ वर ठेवली तर १०१० वर, म्हणजे दहा मीटरहून दूर. वस्तू बरोबर १० वर ठेवली तर भिंगातून बाहेर पडणारे किरण समांतर होतात आणि पडद्यावर प्रतिमाच पडत नाही. छेद शून्य झाल्याचे येथे निसर्गच सांगतो. दीपगृहात दिवा भिंगाच्या नाभीवर ठेवतात तो प्रकाशझोत समांतर जावा म्हणूनच.

संगणक काय करतो?

कार्यालयात रोज तक्ते भरणाऱ्यांनाही हा विषय परका नाही. यंदाची विक्री वजा गतवर्षीची विक्री, भागिले गतवर्षीची विक्री, हे टक्केवारीतील वाढीचे सूत्र. एखाद्या नव्या शाखेची गतवर्षीची विक्री शून्य असेल तर एक्सेलच्या त्या चौकोनात आकड्याऐवजी शून्याने भागल्याची चूक दाखविणारी खूण उमटते. आणि त्या चौकोनावर अवलंबून असलेल्या बेरजांमध्येही ती पसरते. त्या शाखेची वाढ शून्य टक्के नव्हे आणि शंभर टक्केही नव्हे. त्या शाखेला हे सूत्र लागूच होत नाही.

अपूर्णांकांच्या संगणकीय आकडेमोडीसाठी १९८५ मध्ये जो आंतरराष्ट्रीय मानक संकेत ठरला, त्यातही दोन प्रकारांत भेद केलेला आहे. शून्येतर संख्येला शून्याने भागले तर 'अनंत' ही खूण मिळते, शून्याला शून्याने भागले तर 'ही संख्या नव्हे' अशी खूण मिळते. अनंतस्पर्शी रेषा आणि छिद्र यांतील फरक यंत्रालाही शिकवावा लागला. तरीही चांगला प्रोग्रॅमर यंत्रावर विसंबत नाही. भागाकार करण्यापूर्वी छेद शून्य आहे का, हे तपासणारी एक ओळ तो आधी लिहितो. 'यॉर्कटाउन'वर उणीव होती ती अशाच तपासणीची.

थोडक्यात

१. संक्षिप्त रूप देण्यापूर्वी मूळ राशीतील प्रत्येक छेद शोधावा.

२. प्रत्येक छेद शून्याबरोबर मांडून त्याची वास्तव मुळे काढावीत. ती सर्व वगळावीत.

३. अंश शून्य करणारी संख्या केवळ त्या कारणासाठी वगळू नये.

४. छेदाला वास्तव मूळ नसेल तर प्रांत म्हणजे सर्व वास्तव संख्या.

५. समान अवयव काढून टाकला तरी त्याने घातलेली अट उत्तरात कायम ठेवावी.

६. उदाहरण व्यावहारिक असेल तर वेग, अंतर, माणसांची संख्या यांच्या स्वाभाविक मर्यादाही विचारात घ्याव्यात.

स्वतः करून पाहा

पुढील फलनांचे प्रांत शोधा : (अ) (क्ष − ४)/(२क्ष + ७), (ब) (क्ष + २)/(क्ष² − ४), (क) १/(क्ष² + ९), (ड) १/(१ − १/क्ष).

उत्तरे : (अ) −७/२ सोडून सर्व वास्तव संख्या, (ब) २ आणि −२ सोडून सर्व, (क) सर्व वास्तव संख्या, (ड) ० आणि १ सोडून सर्व. 'ब'मध्ये ज्यांनी केवळ २ वगळले असेल, त्यांनी क्ष + २ हा अवयव घाईने काढून टाकला आहे. त्यांनी मूळ राशीकडे परत जावे.